पदोन्नतीवरची हरकत: मुदत कुठे सुरू होते, कुठे संपते

सरकारी नोकरीत कनिष्ठाला आधी पदोन्नती मिळाली आणि ज्येष्ठ मागे राहिला, तर त्या आदेशाला आव्हान देता येते. पदोन्नती मिळणे हा कर्मचाऱ्याचा हक्क नाही. पण पात्र असताना पदोन्नतीसाठी विचार होणे हा संविधानाच्या अनुच्छेद 16 मधून येणारा मूलभूत हक्क आहे आणि तो डावलला गेला तर दाद मागण्याची सोय कायद्यात आहे. प्रकरण अडते ते बहुतेक वेळा हक्कावर नव्हे, तारखेवर. यादीत नाव वर असताना, गोपनीय अहवाल चांगले असताना, केवळ उशीर झाला म्हणून दावे फेटाळले गेल्याची उदाहरणे गेल्या पन्नास वर्षांच्या निकालांत भरपूर सापडतात. उशीर झालेला कर्मचारी मधल्या काळात गप्प बसलेला असतो असेही नाही. तो अर्ज करतो, स्मरणपत्रे पाठवतो, साहेबांना भेटतो, संघटनेच्या निवेदनावर सही करतो. फाइल जाड होत जाते आणि मुदत मात्र निघून गेलेली असते.

उशिराला एवढे वजन का, हे आधी पाहावे लागते. थकीत वेतनाचा वाद कर्मचारी आणि शासन या दोघांतला असतो. तो दहा वर्षांनी सुटला तरी तिसऱ्याचे काही जात नाही. पदोन्नतीचा वाद कागदावर शासनाशी असला तरी खरा प्रतिवादी शेजारच्या टेबलावरचा सहकारी असतो. त्याने वरचे पद स्वीकारलेले असते, बदलीच्या गावी बिऱ्हाड हलवलेले असते, कदाचित त्या पदावरून पुढची पदोन्नतीही घेतलेली असते. त्याच्या रिकाम्या जागी दुसरा, दुसऱ्याच्या जागी तिसरा आलेला असतो. एक आदेश रद्द झाला की खालपर्यंत सगळे हलते. तमिळनाडूच्या पी. एस. सदाशिवस्वामी प्रकरणात कनिष्ठांच्या 1957 मधील पदोन्नतीला तब्बल चौदा वर्षांनी आव्हान दिले गेले होते. 1974 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ते ऐकून घेण्यास नकार दिला. एकदा फेटलेल्या अंड्यातून पांढरे आणि बलक पुन्हा वेगळे करता येत नाहीत, अशा अर्थाची उपमाही त्या निकालात आहे. कनिष्ठाला पदोन्नती मिळाल्यापासून सहा महिन्यांत, फार तर वर्षभरात न्यायालयात यावे, हा मापदंड तिथूनच रूढ झाला. हा कुठल्या कलमातला आकडा नव्हे, पण पुढच्या निकालांनी तो इतक्या वेळा वापरला की व्यवहारात त्याला नियमाचेच वजन आले आहे.

दाद कुठे मागायची

मुदत किती, हे कर्मचारी कोणाचा यावर ठरते आणि इथेच पहिला घोळ होतो. दापोली तालुक्यातल्या आंजर्ल्यासारख्या खाडीकाठच्या गावात एकाच रस्त्यावर चार वेगवेगळ्या मालकांचे नोकर भेटतात. तलाठी (आता कागदोपत्री ग्राम महसूल अधिकारी) आणि समुद्रकासवांची घरटी राखणारा वनरक्षक हे राज्य शासनाचे कर्मचारी. प्राथमिक शाळेतला शिक्षक आणि ग्रामसेवक जिल्हा परिषदेचे. टपाल खात्यातला कर्मचारी केंद्राचा. आंजर्ले, हर्णे, केळशी या पट्ट्यातल्या अनुदानित खासगी माध्यमिक शाळेतल्या शिक्षकाचा पगार सरकारी तिजोरीतून येतो, पण त्याची नियुक्ती संस्थेची असते. चौघांना एकाच दिवशी डावलले गेले तरी चौघांच्या वाटा वेगळ्या आणि मुदतीही सगळ्यांच्या सारख्या नाहीत.

राज्य शासनाच्या कर्मचाऱ्यासाठी महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण, म्हणजे मॅट. प्रशासकीय न्यायाधिकरण अधिनियम, 1985 खाली ते 8 जुलै 1991 पासून काम करते. मुख्य पीठ मुंबईला आहे, नागपूर आणि छत्रपती संभाजीनगर इथे खंडपीठे आहेत. रत्नागिरी जिल्ह्याची प्रकरणे मुंबईला जातात. टपाल खात्यातल्याला त्याच अधिनियमाखालचे केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरण, म्हणजे कॅट. मुदतीचे कलम दोघांना एकच. थेट उच्च न्यायालयात जाण्याचा मार्ग या दोघांना नाही, एल. चंद्रकुमार प्रकरणात 1997 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केले की आधी न्यायाधिकरण आणि त्याच्या निर्णयाविरुद्ध मग उच्च न्यायालयाचे दोन न्यायमूर्तींचे पीठ.

जिल्हा परिषदेचा कर्मचारी मॅटच्या कक्षेत येत नाही. ही गोष्ट अनेक शिक्षकांना वकिलाकडे गेल्यावरच कळते. मुख्य कार्यकारी अधिकाऱ्यांच्या ज्या आदेशावर अपील मिळते, ते विभागीय आयुक्तांकडे, म्हणजे कोकण विभागासाठी बेलापूरच्या कोकण भवनात करायचे आणि नंतर उच्च न्यायालयात रिट याचिका. 18 ऑगस्ट 2025 पासून मुंबई उच्च न्यायालयाचे कोल्हापूर सर्किट बेंच सुरू झाले असून कोल्हापूर, सातारा, सांगली, सोलापूर, सिंधुदुर्ग यांच्याबरोबर रत्नागिरी जिल्हाही त्याला जोडला आहे. रिट याचिकेला कायद्यात लिखित मुदत नाही. ती नाही म्हणून निर्धास्त राहणारे फसतात, कारण तिथे सदाशिवस्वामी प्रकरणाचाच मापदंड लावला जातो.

सर्वांत कमी मुदत आहे ती खासगी शाळेतल्या शिक्षकाला आणि ती सर्वांत कमी लोकांना माहीत असते. महाराष्ट्र खासगी शाळांतील कर्मचारी (सेवेच्या शर्ती) विनियमन अधिनियम, 1977 च्या कलम 9 खाली बडतर्फीविरुद्ध शाळा न्यायाधिकरणात अपील करता येते, हे सगळे जाणतात. पण पदोन्नतीने नेमणूक करताना व्यवस्थापनाने डावलले, तर त्याविरुद्धही त्याच कलमाखाली अपील आहे, आणि त्याची मुदत फक्त तीस दिवस आहे. पुरेसे कारण दाखवले तर उशीर माफ होऊ शकतो, तो भाग वेगळा. प्रत्यक्षात होते असे की, मुख्याध्यापकपदी कनिष्ठाची नेमणूक झाली की ज्येष्ठ शिक्षक शिक्षणाधिकाऱ्यांकडे धावतो आणि नव्या मुख्याध्यापकाला मान्यता देऊ नये असा अर्ज देतो. ज्येष्ठतेचा वाद शिक्षणाधिकाऱ्यांकडे नेण्याची तरतूद 1981 च्या नियमावलीत आहेच, त्यामुळे त्याचे चुकते असे म्हणवत नाही. पण सुनावणीच्या तारखा पडत राहतात आणि अपिलाचे तीस दिवस पहिल्या तारखेच्या आधीच संपलेले असतात. अपील दाखल करून ठेवून मग शिक्षणाधिकाऱ्यांकडे जाणे हाच सुरक्षित क्रम.

वर्षाचा हिशोब

मॅटची मुदत 1985 च्या अधिनियमाच्या कलम 21 मध्ये आहे. अंतिम आदेश झाला असेल तर त्या तारखेपासून एक वर्ष. नियमांनुसार अपील किंवा निवेदन केले आणि सहा महिन्यांत त्यावर निर्णय झाला नाही, तर ते सहा महिने संपल्यापासून एक वर्ष. कलम 20 सांगते की उपलब्ध खातेनिहाय उपाय वापरल्याशिवाय न्यायाधिकरणाने सहसा अर्ज दाखल करून घेऊ नये. म्हणजे खात्याकडे आधी जायचे आहे, पण तिथे बसून राहायचे नाही.

समजा, एका तलाठ्याला डावलून कनिष्ठाला मंडळ अधिकारीपदी पदोन्नती देणारा आदेश 10 जून 2024 रोजी निघाला आणि त्याने 1 जुलैला निवेदन दिले. 5 सप्टेंबरला ते फेटाळले गेले, तर 5 सप्टेंबर 2025 च्या आत मूळ अर्ज, वकिलांच्या भाषेत ओए, मॅटमध्ये दाखल झाला पाहिजे. उत्तरच आले नाही, तर सहा महिने 1 जानेवारी 2025 च्या सुमारास पुरे होतात आणि तिथून पुढे वर्ष धरायचे, म्हणजे 2025 अखेरपर्यंत. सावध वकील मात्र तिसराच हिशोब करतो. ते निवेदन नियमांनी दिलेला उपाय नव्हतेच असा बचाव शासनाने घेतला तर काय, हे मनात धरून तो मूळ आदेशापासूनच वर्ष मोजतो आणि 10 जून 2025 च्या आधी कागद दाखल करतो. या हिशोबात धोका उरत नाही.

स्मरणपत्रांविषयीचा गैरसमज सर्वांत जुना आणि सर्वांत महागडा आहे. एस. एस. राठोड विरुद्ध मध्य प्रदेश या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाच्या सात न्यायमूर्तींच्या पीठाने 1989 मध्ये ठरवून टाकले की कायद्यात ज्यांची तरतूद नाही अशी वारंवार केलेली निवेदने मुदत वाढवत नाहीत. तरीही एक पळवाट वापरात राहिली. जुन्या प्रकरणात न्यायालयाकडून फक्त ‘निवेदनाचा विचार करावा’ एवढाच निरुपद्रवी आदेश मिळवायचा, खात्याने तो विचार करून नकार दिला की नकाराची तारीख धरून नवी मुदत मोजायची. सी. जेकब (2008) आणि एम. के. सरकार (2010) या निकालांनी ती बंद केली. जुन्या दाव्याला खात्याने आज उत्तर दिले म्हणून दावा आजचा होत नाही. 2013 च्या शिवचरणसिंह भंडारी प्रकरणात, जे थेट पदोन्नतीचेच होते, हेच पुन्हा सांगितले गेले. माहिती अधिकारात मिळालेल्या उत्तराचीही तीच गत. त्यातून पुरावा हाती येतो, नवी मुदत नाही.

आदेश मुळातच बेकायदा असेल तर मुदत कशाला, असाही एक युक्तिवाद कार्यालयीन गप्पांत ऐकू येतो. गुरदेवसिंग प्रकरणात (1991) सर्वोच्च न्यायालयाने सांगितले आहे की आदेश शून्यवत असला तरी तो तसा आहे हे ठरवून घ्यायला मुदतीतच यावे लागते.

महाराष्ट्रातले दोन निकाल

उशीर केव्हा मारक ठरतो आणि केव्हा ठरत नाही, हे महाराष्ट्रातल्याच दोन प्रकरणांवरून नीट कळते. दोन्ही सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेली, दोन्हींत विलंब वर्षांचा होता, आणि निकाल उलटसुलट लागले.

पहिले मुंबईच्या शिधावाटप यंत्रणेचे, आर. एस. मकाशी विरुद्ध आय. एम. मेनन. शिधावाटपासाठी उभारलेल्या या खात्यात काही कर्मचारी थेट भरतीचे होते, काही इतर खात्यांतून आलेले. आलेल्यांची आधीच्या खात्यातली सेवा ज्येष्ठतेत कशी धरायची, याची तत्त्वे शासनाने 22 मार्च 1968 च्या निर्णयाने घालून दिली. थेट भरतीच्या कर्मचाऱ्यांनी त्याविरुद्ध मुंबई उच्च न्यायालयात याचिका केली ती 1976 मध्ये. उच्च न्यायालयात ते जिंकले. डिसेंबर 1981 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो निकाल फिरवला आणि आठ वर्षांच्या विलंबाचा आक्षेप मान्य करायला हवा होता असे म्हटले. या काळात त्या तत्त्वांवर याद्या झाल्या, पदोन्नत्या झाल्या, लोक आपापल्या जागी स्थिरावले. फार पूर्वी झालेली आपली नेमणूक आणि बढती आता कोणी उपटून काढणार नाही, असे मानून निश्चिंत बसण्याचा प्रत्येकाला अधिकार आहे, हा रवींद्रनाथ बोस प्रकरणातला विचार इथे पुन्हा आला.

दुसरे रामचंद्र शंकर देवधर विरुद्ध महाराष्ट्र राज्य, 1973 चे, पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठापुढचे. राज्य पुनर्रचनेत हैदराबाद संस्थानाच्या भागातून आलेल्या तहसीलदारांची तक्रार उपजिल्हाधिकारी पदावरच्या पदोन्नतीविषयी होती. आव्हान 30 जुलै 1959 च्या नियमांना होते आणि याचिका आली दहा वर्षांनी. शासनाने विलंबाचा मुद्दा घेतला, तो मान्य झाला नाही. शिळा दावा ऐकू नये हा कायद्याचा नियम नसून विवेकाने वापरायची प्रथा आहे, असे घटनापीठाने म्हटले. पण नुसते एवढेच वाक्य पाठ करून जुने दावे घेऊन जाणाऱ्यांनी त्यामागची वस्तुस्थितीही पाहायला हवी. झालेल्या पदोन्नत्या तात्पुरत्या होत्या, अंतिम ज्येष्ठता ठरायची होती, म्हणजे कोणाचा पक्का हक्क तयारच झाला नव्हता. शिवाय नियम अजून कायम झालेले नाहीत असे खुद्द शासनच सांगत आले होते, त्यामुळे थांबणाऱ्यांचे थांबणे वाजवी होते.

फरक तिथे आहे. मकाशी प्रकरणात लोक पक्के बसलेले होते, देवधर प्रकरणात कोणीच पक्के बसलेले नव्हते. म्हणून पदोन्नतीचा आदेश हातात आला की त्यातले ‘तात्पुरत्या स्वरूपात’, ‘न्यायालयीन निर्णयाच्या अधीन राहून’ हे शब्द आहेत का, ते वाचायला हवेत. पदोन्नतीतील आरक्षणाच्या वादात शासनाने 7 मे 2021 च्या निर्णयाने रिक्त पदे 25 मे 2004 च्या ज्येष्ठतेनुसार भरायचे ठरवले, ते सर्वोच्च न्यायालयातल्या प्रलंबित प्रकरणाच्या अधीन राहूनच. अशा आदेशाखाली बढती घेतलेल्याला पुढे ‘आता फार उशीर झाला’ हा बचाव तितक्याच जोराने घेता येणार नाही. अर्थात या शब्दांच्या भरवशावर डावललेल्याने मुदत घालवणे हाही शहाणपणा नाही.

तीन-चार वर्षांचा आणखी एक आकडा निकालांत येतो. ज्येष्ठता यादीला आव्हान द्यायला तीन ते चार वर्षे हा वाजवी काळ आहे, असे शिबाशंकर महापात्र प्रकरणात (2010) म्हटले आहे. तो उच्च न्यायालयाच्या रिट अधिकारासंदर्भात घ्यायचा. मॅटपुढे कलम 21 चे एक वर्षच चालते.

उशीर माफ कधी होतो

कलम 21 च्या तिसऱ्या पोटकलमाने न्यायाधिकरणाला उशीर माफ करण्याचा अधिकार दिला आहे. त्यासाठी पुरेसे कारण दाखवावे लागते आणि मुळात तसा अर्ज करावा लागतो. मूळ अर्जाबरोबर विलंबमाफीचा किरकोळ अर्ज, एमए, जोडायचा. हिमाचल प्रदेशातल्या एका पदोन्नतीच्या वादात, रमेशचंद शर्मा प्रकरणात (1999), न्यायाधिकरणाने दिलेला निकाल सर्वोच्च न्यायालयाने केवळ एवढ्यासाठी रद्द केला की अर्ज मुदतीबाहेरचा होता आणि माफीचा अर्जच नव्हता. समोरच्याने मुद्दा काढला नाही म्हणून सुटका होत नाही. मुदत आपणहून तपासणे हे न्यायाधिकरणाचे कर्तव्य आहे, असे नेगी प्रकरणात (2011) सांगितले आहे.

कारणे पटतात ती कागद असलेली. गंभीर आजार आणि रुग्णालयाची कागदपत्रे, आदेशच मिळाला नव्हता हे दाखवणारी टपालाची नोंद, यादी प्रसिद्धच केली नव्हती हे माहिती अधिकारातले उत्तर. जून 2020 मध्ये निसर्ग चक्रीवादळाने दापोली आणि मंडणगड तालुक्यांची दैना केली, दिवसेंदिवस वीज नव्हती. तो काळ तसाही सर्वोच्च न्यायालयाने करोनामुळे मुदतीतून वगळलेल्या 15 मार्च 2020 ते 28 फेब्रुवारी 2022 या अवधीत मोडतो. पण त्या वगळणुकीचा फायदा ज्याची मुदत त्या काळात चालू होती त्यालाच. 2016 सालच्या आदेशावर स्वस्थ बसलेल्याला नाही.

‘आदेश माहीतच नव्हता’ हे कारण अलीकडे टिकेनासे झाले आहे. पदोन्नतीचा आदेश निघाला की तासाभरात त्याची पीडीएफ तालुक्याच्या व्हॉट्सअॅप गटावर येते आणि खाली अभिनंदनाची रांग लागते. त्या रांगेत तक्रारदाराचेही नाव असले, तर पुढचा युक्तिवाद न केलेलाच बरा.

वेतनाचे प्रकरण वेगळे. चुकीच्या वेतननिश्चितीने दर महिन्याला नवे नुकसान होत राहते, म्हणून एम. आर. गुप्ता (1995) आणि तर्सेमसिंग (2008) या निकालांनी तो चालू अन्याय मानला. दावा टिकतो, थकबाकी मात्र सहसा तीन वर्षांपुरती मिळते. तर्सेमसिंग निकालात लगेच पुढे म्हटले आहे की ज्येष्ठता आणि पदोन्नती यांत इतरांच्या हक्कांना धक्का लागतो, तिथे ही सवलत नाही. म्हणून मागणी काय आणि कशी मांडली आहे, यावर बरेच अवलंबून असते. सहकाऱ्याची पदोन्नती रद्द करा ही मागणी सर्वांत कठीण. त्याला हात न लावता स्वतःला मानीव दिनांक द्या, म्हणजे त्या आधीच्या तारखेला पदोन्नती झाली असे माना, ही मागणी तुलनेने सौम्य आणि उशिराचा आक्षेप तिच्यावर कमी जोराने येतो. तरी तोही दिनांक ज्येष्ठतेत इतरांच्या वर नेणारा असेल, तर त्यांना पक्षकार करावेच लागते.

दुसऱ्याने लढून मिळवलेला निकाल आपल्यालाही लागू करा, हा दावा घेऊन येणाऱ्यांना अरविंदकुमार श्रीवास्तव निकालाने (2014) दोन गटांत विभागले. निकाल सर्वांसाठी धोरण ठरवणारा असेल तर समान स्थितीतल्यांना लाभ द्यावा. पण त्या व्यक्तीपुरता असेल, तर कुंपणावर बसून निकालाची वाट पाहणाऱ्याला तो मिळत नाही. संघटनेने कोणा एकाचे प्रकरण ‘टेस्ट केस’ म्हणून पुढे करून बाकीच्यांना थांबायला सांगणे म्हणूनच जोखमीचे. खर्च वाटून घ्यावा, पण अर्जावर नावे सर्वांची असावीत.

यादी लागते त्या दिवसापासून

पदोन्नतीचे बहुतेक वाद आदेशाच्या दिवशी जन्मत नाहीत, ते ज्येष्ठता यादीत आधीच पडून असतात. 1 जानेवारी रोजीच्या स्थितीची प्रारूप यादी प्रसिद्ध होते, तिच्यावर हरकती मागवतात, मग अंतिम यादी लागते. ती पाहताना बहुतेकांची नजर स्वतःच्या अनुक्रमांकावर जाते आणि तिथेच थांबते. पाहायचे असतात पुढचे रकाने: नियुक्तीचा दिनांक, प्रवर्ग, जात वैधतेची नोंद, आणि विभागीय परीक्षा उत्तीर्ण झाल्याचा दिनांक. महसुलात दुय्यम सेवा परीक्षा किंवा महसूल अर्हता परीक्षा विहित संधींत उत्तीर्ण झाली की नाही यावर ज्येष्ठता खाली-वर होते, आणि या एका रकान्यातली चुकीची तारीख पुढच्या दहा याद्यांत जशीच्या तशी नकलून येते. दहाव्या वर्षी पदोन्नती हुकल्यावर ती दिसते. तोवर यादी दहा वेळा अंतिम झालेली असते आणि कर्मचाऱ्याने दहाही वेळा ‘वाचले’ म्हणून सही केलेली असते.

हरकत यादीत दिलेल्या मुदतीत, लेखी, एकाच मुद्द्याला धरून द्यावी. कोणत्या अनुक्रमांकाच्या वर आपले नाव असायला हवे, कोणत्या नियमाने आणि कोणत्या तारखेमुळे, एवढे त्यात असले की पुरे. साहेबांच्या दयाबुद्धीला आवाहन करणारे दोन पानी अर्ज पुढे कामाला येत नाहीत. दुसऱ्या प्रतीवर आवक क्रमांक, तारीख आणि शिक्का घ्यावा. पंचायत समितीत टपाल घेणारा लिपिक जागेवर नसेल तर स्पीड पोस्टाने पाठवून पावती जपावी. राज्य शासनात ज्येष्ठतेचे नियम 1982 चे होते, त्यांची जागा 2021 च्या नियमांनी घेतली. कोणत्या काळातल्या नियुक्तीला कोणते लागू, हे अर्ज लिहिण्याआधी पाहावे.

पदोन्नतीचा आदेश निघाल्यावर पहिल्या आठवड्यात त्याची प्रत, मागच्या तीन-चार अंतिम याद्या आणि विभागीय पदोन्नती समितीच्या बैठकीचे इतिवृत्त मिळवायला लागावे. इतिवृत्तासाठी माहिती अधिकाराचा अर्ज केला तर उत्तराला तीस दिवस, न आले तर अपील; या वेळापत्रकाची वाट पाहत ओए अडवून ठेवू नये. उरलेले कागद मागाहून जोडता येतात. डावलण्याचे कारण गोपनीय अहवालातली प्रतवारी असेल, तर ती प्रतवारी कळवली होती का हे तपासावे. न कळवलेली नोंद विरोधात वापरता येत नाही असे देव दत्त प्रकरणापासून (2008) धरले जाते.

ज्याच्या पदोन्नतीला आव्हान आहे त्याला नावानिशी प्रतिवादी केल्याशिवाय ती रद्द होऊ शकत नाही. गावातल्या गावात, रोज चहाला भेटणाऱ्या माणसाला नोटीस पाठवायची या संकोचाने कित्येक अर्ज फक्त शासनाविरुद्ध दाखल होतात आणि पुढे त्याच कारणाने पडतात.

नंतर उशिरा मिळालेली पदोन्नती स्वीकारताना ज्येष्ठतेविषयीची हरकत राखून रुजू होत असल्याचे रुजू अहवालातच लिहावे. मुकाट्याने रुजू होऊन काही वर्षे काम केले की संमती गृहीत धरली जाते. स्टेट बँक विरुद्ध एम. जे. जेम्स (2021) या निकालात नुसता विलंब आणि मूकसंमती यांतला फरक उलगडून सांगितला आहे. कोकणात याचा एक खास प्रकार दिसतो. पदोन्नतीबरोबर घाटावर किंवा जिल्ह्याच्या दुसऱ्या टोकाला बदली येते, बागायत आणि म्हातारे आईवडील सोडून जाणे जमत नाही, म्हणून पदोन्नती लेखी नाकारली जाते. तसा नकार दिला की नाव त्या निवडसूचीतून जाते. जे गेले त्यांच्यापुढे आपली ज्येष्ठता पाच वर्षांनी सांगता येत नाही, मग मूळ यादीत क्रमांक कितीही वरचा असो.

पदावर असलेल्याची बाजू

जुन्या पदोन्नतीवर अचानक नोटीस आली, तर शासन बघून घेईल म्हणून स्वस्थ बसू नये. शासनाचे शपथपत्र उशिरा येते, आणि कधी कधी त्यात विलंबाचा मुद्दाच नसतो. प्रतिवादीने स्वतःच्या शपथपत्रात पहिला परिच्छेद तारखांचा ठेवावा: यादी कधी लागली, आदेश कधी निघाला, अर्जदाराला कधी कळला, दरम्यान किती पदोन्नत्या झाल्या. थेट भरती वर्ग दोन अभियंता संघटना विरुद्ध महाराष्ट्र या प्रकरणात 2 मे 1990 रोजी घटनापीठाने, सेवेत एकदा स्थिरावलेली स्थिती विस्कटणे सेवेच्या हिताचे नाही, असे म्हटले आहे. पाटबंधारे आणि बांधकाम खात्यांतल्या अभियंत्यांचा ज्येष्ठतेचा वाद किती दशके चालला हे ज्यांनी पाहिले, त्यांना त्या वाक्याचे मोल वेगळे सांगायला नको. जुनी अंतिम यादी खात्यानेच आपणहून बदलायला घेतली, तर ज्यांचा क्रमांक खाली जाणार त्यांना आधी नोटीस आणि म्हणणे मांडायची संधी मिळाली पाहिजे. न मिळाल्यास आव्हान देण्याची पाळी त्यांची, आणि मुदतीचे तेच नियम मग त्यांना लागू.

सेवानिवृत्ती जवळ आलेल्यांसाठी वेळ आणखी कमी असतो. निवृत्तीनंतर मागील तारखेने पदोन्नती मिळवण्याच्या वाटा अरुंद होत आहेत. पश्चिम बंगाल शासन विरुद्ध डॉ. अमल सत्पथी या प्रकरणात 27 नोव्हेंबर 2024 रोजी सर्वोच्च न्यायालयाने, पदोन्नतीचा आदेश होण्याआधीच निवृत्त झालेल्याला त्या पदाचे काल्पनिक लाभही नाकारले. त्यामुळे शेवटच्या दोन वर्षांत डावलले गेलेल्याने खात्याकडे एक निवेदन देऊन सहा महिने पुरे होताच मॅटकडे जावे आणि अंतरिम आदेशाने निदान एक पद आपल्या प्रकरणाच्या निकालापर्यंत रिक्त ठेवण्याची मागणी मूळ अर्जातच करावी. निकडीच्या प्रकरणात सहा महिन्यांचीही वाट पाहावी लागत नाही. कलम 20 मधल्या ‘सहसा’ या शब्दाने न्यायाधिकरणाला तेवढी मोकळीक ठेवली आहे.